ऐकणारा चेहरा

भेडाघाटला पंचवटी घाटावरून नाव सुटते. थोड्या अंतरावर नर्मदेचं पात्र आवळत जातं आणि दोन्ही अंगांना संगमरवराचे कडे उभे राहतात. पांढरे, पिवळट, मधूनच काळपट निळे. नावाडी वल्ही मारतामारता यमकं जुळवत बोलत असतो. ही इथली जुनी रीत आहे आणि ते बोलणं ऐकायला लोक लांबून येतात. या बोलण्यात देवदेवता असतात, नदीची खोली असते आणि सिनेमा तर असतोच. इथे राज कपूर आणि पद्मिनी यांच्या 'जिस देश में गंगा बहती है'चं गाणं झालं, तिथे 'अशोका'च्या वेळी करीना कपूर आली होती, त्या वळणावर 'मोहेंजो दारो'ची मगर. १९६०पासून २०१६पर्यंतचा हिंदी सिनेमा त्या अरुंद पात्रातून वाहून जातो.

या यादीत मला जया भादुरी यांचं नाव ऐकू आलं नाही. विचारल्यावर नावाड्याने मान हलवली. त्याच्या हिशेबी त्या भोपाळच्या.

यंदाच्या अंकासाठी संपादकांनी 'जन्मगाव' हा विषय दिला, तेव्हा मनात पहिलं नाव त्यांचंच आलं होतं. ९ एप्रिल १९४८, जबलपूर. चरित्राच्या कोणत्याही नोंदीत ही पहिली ओळ असते आणि दुसऱ्या ओळीपासून जबलपूर नाहीसं होतं. नावाड्याचं चुकलं नव्हतं. वडील तरुणकुमार भादुरी पत्रकार. 'स्टेट्समन'चे वार्ताहर म्हणून ते भोपाळला राहिले आणि जया यांचं शालेय शिक्षण तिथल्या सेंट जोसेफ कॉन्व्हेंटमध्ये झालं. पुढे पुणे, मग मुंबई, मग दिल्लीतली राज्यसभा. जबलपूरच्या वाट्याला जन्माची तारीख उरली.

तरीही मला ते शहर बघायचं होतं. साठ वर्षं पडद्यावर टिकलेल्या या अभिनेत्रीच्या कामात एक गोष्ट मला सतत जाणवत आली आहे. समोरचा माणूस बोलत असताना त्या जे करतात, ते हिंदी पडद्यावर फार थोड्यांना जमलं. त्या ऐकतात. संवाद संपण्याची वाट न बघता खरोखर ऐकतात आणि ऐकलेलं चेहऱ्यावर उमटतं. हे कुठून आलं असेल, याचा माग जिथून काढता येईल तिथून काढायचा असं ठरवून मी निघाले.

रूळ जिथे जुळले

मुंबईहून प्रयागराजमार्गे जाणारी हावडा मेल आजही जबलपूरला थांबते. १८७० साली याच शहरात दोन रेल्वे कंपन्यांचे रूळ एकमेकांना मिळाले. पूर्वेकडून ईस्ट इंडियन रेल्वे आली होती, पश्चिमेकडून ग्रेट इंडियन पेनिन्सुला. मुंबई आणि कलकत्ता पहिल्यांदा सलग लोखंडाने जोडली गेली ती इथे. रेल्वे आली की तिच्यामागून कारकून, डॉक्टर, वकील, शिक्षक येतात, आणि त्या काळात ही कामं शिकलेल्या बंगाल्यांच्या हाती होती. १९०४मध्ये गन कॅरेज फॅक्टरी उभी राहिली, सरकारी कचेऱ्या वाढल्या, बंगाली वस्ती मुरली. करमचंद चौकातला सिटी बंगाली क्लब आणि त्याचं वाचनालय त्या वस्तीची खूण म्हणून उभं आहे. दुर्गापूजेच्या दिवसांत हे शहर बघणाऱ्याला आपण मध्य प्रदेशात आहोत की बंगालच्या एखाद्या जिल्ह्याच्या गावी, असा प्रश्न पडावा.

मराठी माणसाला तर हे शहर परकं नाहीच. अठराव्या शतकाच्या अखेरीस ते नागपूरकर भोसल्यांकडे आलं आणि १८१७च्या अखेरीस इंग्रजांकडे गेलं. नंतर मध्य प्रांताची राजधानी नागपूर, आणि जबलपूर त्याच प्रांतातलं मोठं शहर. म्हणजे जया भादुरी जन्मल्या तेव्हा त्यांच्या शहराचा कारभार नागपुरातून चालत होता. राज्यपुनर्रचनेनंतर १९५६ला हा भाग नव्या मध्य प्रदेशात गेला, राजधानी भोपाळला गेली आणि जबलपूरला उच्च न्यायालय मिळालं. राजधानी हुकल्याची खंत अजून इथल्या बोलण्यात सापडते. भादुरी कुटुंब भोपाळचं झालं, त्यामागेही हाच नकाशा आहे. राजकारणाची बातमी राजधानीत, म्हणून बातमीदारही राजधानीत.

शहर लिहित्या माणसांचं. सुभद्राकुमारी चौहान इथे राहत. फेब्रुवारी १९४८मध्ये त्या अपघातात गेल्या, तेव्हा जया यांच्या जन्माला दोन महिने होते. हरिशंकर परसाई नेपियर टाउनमध्ये राहून आयुष्यभर लिहीत राहिले. कमानिया गेटच्या परिसरात खव्याची जिलबी खात उभं राहिलं की ध्यानात येतं, ही कमान त्रिपुरी काँग्रेसची आठवण आहे. १९३९च्या त्या अधिवेशनाला सुभाषबाबू आजारी अवस्थेत आले होते. इथल्या मध्यवर्ती तुरुंगालाही त्यांचंच नाव आहे.

मला वाटतं, भादुरींसारख्या मध्य भारतातल्या बंगाली घराची एक विशेष ठेवण असते. घरात बांगला, रस्त्यावर बुंदेली वळणाची हिंदी, शाळेत इंग्रजी. तीन भाषांत वाढणारं मूल बोलण्याआधी कान देतं, कुठे काय बोलायचं हे आधी ऐकून ठरवतं. जया भादुरी यांच्या हिंदीत ना कलकत्त्याचा गोलवा आहे, ना मुंबईच्या स्टुडिओचा मुलामा. ती हिंदी मध्य प्रदेशातल्या शिकलेल्या घरातली वाटते, आणि 'गुड्डी'पासून प्रेक्षकाला ती आपल्या घरातली वाटली याचं अर्धं कारण मी त्या हिंदीला देते.

वडिलांचं लिखाणही असंच ऐकण्यातून आलेलं. चंबळच्या खोऱ्यात फिरून, डाकू आणि पोलीस दोघांशी बोलून त्यांनी 'अभिशप्त चंबल' हे पुस्तक बांगलात लिहिलं. 'शोले'तल्या गब्बरची तयारी करताना अमजद खान यांनी हेच पुस्तक वाचलं होतं. ज्या सिनेमात लेक पांढरी साडी नेसून जवळजवळ मूक वावरली, त्याच सिनेमातला सर्वांत वाचाळ खलनायक वडिलांच्या पुस्तकातून बळ घेत होता.

प्रेमनाथ यांचं एम्पायर

जबलपूरला सिनेमावाला म्हणून विचाराल तर आधी प्रेमनाथ यांचं नाव येतं. एम्पायर टॉकीज त्यांच्या मालकीची. इंग्रजी अमदानीतलं ते थिएटर बंद पडून बराच काळ लोटला, पण पत्ता सांगताना एम्पायरचं नाव अजून चालतं. मी तिथे गेले तेव्हा दुपार होती. रस्त्यावर चहाची गाडी, रिक्षा, शाळा सुटल्याची गर्दी. ज्यांच्या तरुणपणी ते पडदे उजळत होते ती माणसं एम्पायर, डिलाइट, ज्योती, प्लाझा ही नावं घरातल्या माणसांसारखी घेतात.

प्रेमनाथ यांची बहीण कृष्णा म्हणजे राज कपूर यांच्या पत्नी. त्यामुळे रणधीर कपूर प्रेमनाथ यांचा भाचा, आणि १९७२च्या 'जवानी दिवानी'त त्या भाच्याची नायिका जबलपूरला जन्मलेली जया भादुरी. पुढच्याच वर्षी 'बॉबी' आला. त्यात प्रेमनाथ डिंपलच्या बापाच्या भूमिकेत होते, आणि त्या वर्षीचं 'फिल्मफेअर' डिंपल आणि जया यांना विभागून मिळालं. जबलपूरच्या जुन्या सिनेमाप्रेमींना हे धागे जोडायला आवडतात, आणि मलाही आवडले.

पण या शहराचा अभिनयाशी आजचा संबंध बंद टॉकीजमध्ये शोधू नये. तो गोलबाजारातल्या शहीद स्मारकात आणि वीज मंडळाच्या 'तरंग' सभागृहात आहे, 'विवेचना'सारख्या संस्थांच्या तालमीत आहे. दिवसा नोकरी, संध्याकाळी तालीम. रघुवीर यादव याच जिल्ह्यातले. पडद्यावरची चमक फार पुढची गोष्ट. आधी शिकायचं असतं ते समोरच्याचं वाक्य ऐकून आपलं वाक्य बोलणं.

रायबाबूंच्या घरातली नणंद

जया यांचं पडद्यावरचं पहिलं घर खऱ्या अर्थानं दाटीवाटीचं होतं. सत्यजित राय यांचा 'महानगर', १९६३. पंधरा वर्षांची शाळकरी मुलगी वहिनीच्या नोकरीवरून घरात उठलेलं वादळ बघते. माधवी मुखर्जी यांची आरती आणि अनिल चॅटर्जी यांचा सुब्रत बोलत असतात आणि बानी, म्हणजे जया, अभ्यासाच्या पुस्तकावरून मान वर करते. तिला फार संवाद नाहीत. पण त्या लहानशा खोल्यांत कोणाचं बोलणं कोणापर्यंत पोचतं, याचा सगळा हिशेब राय यांनी मांडला आहे आणि बानी हे त्यातलं एक महत्त्वाचं ठिकाण आहे. वहिनी कामाला जाते तेव्हा या मुलीच्या डोळ्यांत कौतुक आणि भीती एकदमच येते. तिला कळतं आहे की हा प्रश्न चार वर्षांनी आपलाही असणार.

अभिनयाचं एकही अक्षर न शिकता पहिलं काम राय यांच्याकडे. त्या बळावर सरळ कलकत्त्याच्या सिनेमात जाता आलं असतं. १९७१च्या 'धन्यि मेये'मध्ये उत्तमकुमारांच्या बरोबर त्यांनी कामही केलं. पण मधल्या काळात त्यांनी शिकायचं ठरवलं आणि पुण्याला आल्या.

प्रभातच्या आवारात

पुण्याच्या लॉ कॉलेज रस्त्यावरची फिल्म इन्स्टिट्यूट म्हणजे जुनी 'प्रभात'. कोल्हापूरहून १९३३ला पुण्यात आलेल्या प्रभातचे स्टुडिओ १९६०पासून शाळेचे वर्ग झाले. शांतारामबापूंनी जिथे कॅमेरा लावला त्याच मजल्यांवर साठच्या दशकाच्या अखेरीस जया भादुरी, डॅनी डेन्झोंग्पा ही मुलं अभिनय शिकत होती. डॅनी हे सुटसुटीत नाव त्यांना जया यांनीच सुचवलं, कारण मूळ सिक्कीमी नाव कोणाच्या जिभेवर बसेना.

अभिनय शिकवायला रोशन तनेजा होते. न्यूयॉर्कच्या नेबरहुड प्लेहाउसमध्ये ते सॅनफर्ड माइस्नर यांच्याकडे शिकून आले होते. माइस्नर यांच्या पद्धतीचा पाया एकच: लक्ष स्वतःवरून काढून समोरच्यावर ठेवायचं. दोघं समोरासमोर बसतात, एक जण साधं वाक्य म्हणतो, दुसरा तेच परत म्हणतो. कितीही वेळा. शब्द तेच राहतात, पण ऐकताऐकता स्वर बदलतो, श्वास बदलतो, चेहरा बदलतो. तो बदल आपण ठरवून करायचा नसतो, तो समोरच्याने आपल्यात घडवायचा असतो. तनेजा यांचे विद्यार्थी पुढे सत्तरच्या दशकभर हिंदी पडद्यावर दिसत राहिले, पण या शिक्षणाचं सर्वांत स्वच्छ रूप मला जया भादुरी यांच्यात दिसतं. जबलपूर-भोपाळच्या घराने कान दिला असेल, तर त्या कानाला शिस्त या आवारात लागली.

त्या सुवर्णपदक घेऊन बाहेर पडल्या. पण त्याहून मोठी गोष्ट त्यांच्या 'सुमन' या विद्यार्थिदशेतल्या लघुपटाची. तो बघून एका तरुण मुलीने ठरवलं की आपणही याच शाळेत शिकायचं. तिचं नाव शबाना आझमी.

शाळेची प्रार्थना आणि चाळीतलं स्वयंपाकघर

हृषीकेश मुखर्जी यांनी 'गुड्डी'साठी नवी मुलगी हवी म्हणून पुण्याकडे बघितलं. १९७१ला सिनेमा आला आणि दोन वेण्यांची, धर्मेंद्रच्या प्रेमात बुडालेली कुसुम घराघरांत गेली. मराठी वाचकाने एक गोष्ट लक्षात ठेवावी. त्या सिनेमाला संगीत वसंत देसाई यांचं. कोकणातून प्रभातमध्ये आणि प्रभातमधून राजकमलमध्ये गेलेल्या वसंतरावांनी शाळेच्या प्रसंगासाठी जी प्रार्थना बांधली, ती वाणी जयराम यांच्या आवाजात सिनेमातून निघून खऱ्या शाळांमध्ये गेली. कित्येक शाळांत ती आजही म्हटली जाते आणि म्हणणाऱ्या मुलांना ती सिनेमातली आहे याचा पत्ताही नसतो.

'गुड्डी' बघताना जया यांच्या हसण्याकडे सगळे बघतात. मी सांगेन, स्टुडिओचे प्रसंग बघा. वहिनीच्या मामाच्या युक्तीने तिला पडद्यामागचं जग दाखवलं जातं. मारामारी दुसराच करतो, जखम कामगाराला होते, दिवा धरणारा माणूस वरून पडतो. बिमल रॉय यांचे चित्रपट जिथे घडले त्या उजाड स्टुडिओत धर्मेंद्र तिच्याशी बोलतो. इतका वेळ बडबडणारी मुलगी तिथे गप्प होते. वेडं प्रेम उतरतं आणि त्याची जागा आदर घेतो, आणि हे सगळं एकाही संवादाशिवाय तिच्या ऐकण्यात घडतं. बाविशी-तेविशीतल्या नवख्या नटीने ते केलं आहे.

पुढच्या वर्षी 'पिया का घर' आला. राजा ठाकूर यांचा 'मुंबईचा जावई' ज्यांनी पाहिला आहे, त्यांना गोष्ट सांगायला नको. १९७०च्या त्या मराठी चित्रपटावरूनच बासू चॅटर्जी यांनी हा केला. चाळीतलं घर, माणसांनी भरलेलं, नव्या जोडप्याला दार लावून बसायला कोपरा नाही. सुधीर फडके आणि गदिमांच्या गाण्यांनी आपल्याकडे जे गोड करून ठेवलं होतं, ते हिंदीत जया आणि अनिल धवन यांनी केलं. मोकळ्या घरातून आलेली मालती मुंबईच्या त्या स्वयंपाकघरात उभी राहते, पलीकडून येणारा खोकला, भांड्यांचा आवाज, सासऱ्यांची हाक या सगळ्याला कान देत. घर केवढं आहे हे तिला आधी ऐकून कळतं, मग दिसतं. मुंबईत भाड्याच्या खोलीत संसार मांडलेल्या कोणत्याही बाईने ते ओळखावं.

खुळखुळा

ऐकण्याच्या कलेची खरी कसोटी मात्र जिला ऐकू येत नाही त्या बाईच्या भूमिकेत लागली. गुलजार यांचा 'कोशिश', १९७२. एका जपानी चित्रपटावरून स्फुरलेला. संजीव कुमार यांचा हरी आणि जया यांची आरती, दोघंही मूकबधिर. पहिलं मूल जातं, कारण रात्री त्याचं रडणं आईबापांना ऐकू येत नाही.

दुसरं मूल होतं. आता दोघांच्या मनात एकच धास्ती: याला तरी ऐकू येतं ना? खुळखुळा आणतात, बाळाच्या कानाशी हलवतात. बाळ ढिम्म. परत हलवतात. बाळ बघतही नाही. जया यांचा चेहरा त्या वेळी बघावा. ओठ किंचित उघडे, मान बाळाकडे झुकलेली, जणू आपणच त्याच्या जागी ऐकू पाहते आहे. बाळाला घेऊन दोघं धावत डॉक्टरकडे जातात. तपासणीत कळतं की बाळाचे कान ठणठणीत आहेत. खुळखुळ्यात मणीच नव्हते. तो वाजतच नव्हता, आणि वाजत नाही हे त्या दोघांना कळणार कसं?

हिंदी सिनेमातल्या सर्वांत चांगल्या पाच-सात प्रसंगांत मी हा धरते. इतकी साधी वस्तू, इतकं मोठं दुःख आणि लगेच इतकं मोठं हसू. संजीव कुमार यांना या भूमिकेचं राष्ट्रीय पारितोषिक मिळालं आणि गुलजार यांना पटकथेचं. जया यांना ते मिळालं नाही, आणि मला ते अजूनही खटकतं.

या दोघांच्या जोडीबद्दल एक गोष्ट सांगायला हवी. त्याच वर्षीच्या 'परिचय'मध्ये संजीव कुमार जया यांचे वडील आहेत, 'कोशिश'मध्ये नवरा, 'अनामिका'त प्रियकर, 'शोले'त सासरा. चार वर्षांत चार नाती, आणि एकाही ठिकाणी आधीचं नातं आठवत नाही.

संध्याकाळचा उजेड

'शोले'तल्या राधाला एकूण संवाद किती, ते बोटांवर मोजता येतील. होळीच्या एका जुन्या आठवणीत ती अखंड बडबडते. लग्नाआधीची राधा तशी होती एवढंच कळण्यापुरती ती आठवण. बाकी सिनेमाभर ती ठाकूरच्या हवेलीत दिवे लावते आणि मालवते.

त्या दिव्यांच्या दृश्याची गोष्ट कामाची आहे. जय पायऱ्यांवर बसून माउथऑर्गन वाजवतो आणि वरच्या सज्जात राधा एकेक दिवा मंद करत जाते. कॅमेरामन द्वारका दिवेचा यांना हे सूर्य मावळल्यानंतरच्या आणि काळोख पडण्याआधीच्या उजेडातच हवं होतं. तो उजेड रोज काही मिनिटांचा. तेवढ्यात दिवे पेटलेले हवेत, कॅमेऱ्याची हालचाल चुकायला नको, नटीची चाल आणि दिवा मंद होण्याचा क्षण जुळायला हवा. काही चुकलं की दुसऱ्या दिवसाची वाट बघायची. या लहानशा दृश्यांना वेगवेगळ्या वेळी मिळून वीस दिवस लागल्याची नोंद आहे. दुपारभर तयारी आणि मग ती दोन-चार मिनिटं. शिवाय चित्रीकरण सुरू झालं तेव्हा लेक श्वेता पोटात होती. रामनगरच्या खडकांत, त्या पांढऱ्या साडीत, रोज संध्याकाळी उभं राहायचं आणि चेहऱ्यावर काल होतं तेच आणायचं.

माउथऑर्गन भानू गुप्ता यांनी वाजवला, पण चित्रीकरणाच्या वेळी जया यांच्या कानांवर तो कुठे होता? तरीही पडद्यावरची राधा ते सूर ऐकते आहे याबद्दल शंका राहत नाही. तिचा हात दिव्यावर क्षणभर थांबतो. त्या थांबण्यात एका विधवेच्या मनात काय उगवतं आहे ते सगळं आहे, आणि कुठल्याही पात्राने ते बोलून दाखवलेलं नाही.

मधली वर्षं

३ जून १९७३ला जया भादुरी आणि अमिताभ बच्चन यांचं लग्न झालं. 'जंजीर' नुकताच लागला होता आणि 'अभिमान' यायचा होता. 'अभिमान'मध्ये गाणाऱ्या बायकोचं यश नवऱ्याला सोसत नाही. गोष्ट लोकांनी त्यांच्याच संसारावर ताडून बघितली, अजूनही बघतात. मला तो खेळ आवडत नाही. उमा गाणं सोडते, बोलणं सोडते, आणि अखेरीस व्यासपीठावर नवऱ्याचा सूर कानी पडल्यावर तिचं गोठलेपण सुटतं, हे जे त्यांनी केलं आहे ते बघावं. 'अभिमान', १९७४चा 'कोरा कागज' आणि १९७९चा 'नौकर' या तिन्हींसाठी त्यांना 'फिल्मफेअर'ची सर्वोत्तम अभिनेत्रीची बाहुली मिळाली.

आणि मग त्या थांबल्या. मुलं लहान होती. १९८१चा 'सिलसिला' हा या टप्प्याचा शेवट. त्याच्याभोवतीच्या कुजबुजीला इथे जागा नको. होळीच्या गाण्यात सगळे रंगात न्हाऊन निघत असताना जया आणि संजीव कुमार बाजूला बसून आहेत, तेवढं पुन्हा बघा. गाणं दुसऱ्यांचं आहे, पण प्रसंग या दोन ऐकणाऱ्यांचा आहे.

पडद्यावर नसण्याची ही वर्षं सतरा. आपल्याकडे नटीच्या अशा वर्षांना रिकामी म्हणतात. ती रिकामी नव्हती. १९८८च्या 'शहेनशाह'ची कथा जया बच्चन यांची आहे. १९९२ला पद्मश्री मिळाली. दूरदर्शनवरची 'देख भाई देख' ही मालिका त्यांच्या निर्मितीतून आली, आणि तीन पिढ्यांच्या गजबजलेल्या घराची ती गंमत नव्वदच्या दशकातल्या मुलांना अजून तोंडपाठ आहे. आणि त्या रंगभूमीवर आल्या ते मराठी नाटकाच्या हाताने. अशोक पाटोळे यांचं 'आई रिटायर होतेय' भक्ती बर्वे यांनी आपल्याकडे गाजवलं. त्याच्या हिंदी अवतारात, रमेश तलवार यांच्या दिग्दर्शनात, जया बच्चन आई झाल्या. घरासाठी राबून एक दिवस निवृत्ती जाहीर करणारी बाई त्यांनी रंगवावी, हा योग मला फार अर्थपूर्ण वाटतो.

१०८४ आणि आरतीचं ताट

पडद्यावर परत येताना त्यांनी सोपी वाट धरली नाही. १९९८चा 'हजार चौरासी की माँ', दिग्दर्शक गोविंद निहलानी, मूळ कादंबरी महाश्वेता देवी यांची. नक्षलवादी मुलगा मारला जातो आणि शवागारात त्याचा क्रमांक १०८४. सुजाता ही सुखवस्तू घरातली, बँकेत नोकरी करणारी आई. मुलगा कोण होता हे तिला तो गेल्यावर कळू लागतं. त्याच्या मित्राच्या गरीब आईकडे ती जाते, त्याच्या मैत्रिणीला भेटते, आणि ऐकते. जवळजवळ अख्खा सिनेमा एका आईचं ऐकणं आहे. तिने मुलाला जन्म दिला होता, पण त्याचं म्हणणं कधी ऐकलं नव्हतं. पन्नाशीतल्या जया यांनी चेहऱ्यावर काहीही न सजवता ते केलं. बघणाऱ्या कुठल्याही आईला ते टोचेल.

२००१च्या 'कभी खुशी कभी गम'मध्ये तेच कौशल्य श्रीमंती थाटात येतं. दिवाळीची पूजा चालू आहे, हातात आरतीचं ताट, घर पाहुण्यांनी भरलेलं. मुलगा अजून दिसत नाही, त्याची चाहूल लागेल असं काही झालेलं नाही, आणि नंदिनी दाराकडे वळते. युक्तिवादाने बघाल तर हे अशक्य आहे. पण चाळीस वर्षं ऐकत आलेला चेहरा तिथे आहे म्हणून प्रेक्षक ते मान्य करतो. 'फिजा', हा चित्रपट आणि 'कल हो ना हो' यांसाठी तीनदा सहायक अभिनेत्रीची पारितोषिकं त्यांच्याकडे गेली.

२००४ला त्या पहिल्यांदा राज्यसभेत गेल्या आणि तिथे त्यांचा आवाज चांगलाच चढा असतो. महाराष्ट्रात २००८च्या एका कार्यक्रमातलं त्यांचं हिंदीबद्दलचं वाक्य लोक विसरलेले नाहीत. वादळ उठलं, माफी मागितली गेली. मलाही तेव्हा वाईट वाटलं होतं. प्रभातच्या आवारात शिकलेल्या, 'मुंबईचा जावई'च्या हिंदी संसारात नांदलेल्या बाईकडून ते नको होतं. पण त्या एका वाक्याने बाकीचं काम पुसावं, असं मला कधी वाटलं नाही.

२०२३च्या 'रॉकी और रानी की प्रेम कहानी'मध्ये त्या आजी आहेत. धनलक्ष्मी, मिठाईच्या मोठ्या धंद्याची आणि घराची मालकीण, कोणाचंही न ऐकणारी. आयुष्यभर ज्या गोष्टीसाठी ओळखलं गेलं, ती त्यांनी पंच्याहत्तरीत पूर्ण उलटी केली. ही बाई बोलते आणि बाकीचे ऐकतात, आणि कान बंद केलेल्या माणसाचा चेहरा कसा दिसतो ते त्या दाखवतात. जबडा घट्ट, नजर समोरच्याच्या खांद्यावरून पलीकडे. या घरातला नवरा आहे धर्मेंद्र, आठवण हरवलेला. 'गुड्डी'तल्या मुलीने ज्याचा ध्यास घेतला होता तोच बावन्न वर्षांनी तिच्या घरात आहे आणि त्याला आठवते ती दुसरीच बाई. ती दुसरी बाई शबाना आझमी. 'सुमन' बघून पुण्याला शिकायला गेलेली मुलगी आणि 'सुमन'मधली मुलगी, दोघी आता सत्तरी ओलांडून एका कथेत समोरासमोर आल्या. शबाना यांच्या वाट्याला गाणं आहे, प्रेम आहे, प्रेक्षकाची माया आहे. जया यांनी स्वतःकडे माया येऊ दिलेली नाही. ती भूमिका जशी कडू आहे तशीच ठेवली आहे, आणि म्हणूनच समोरच्या दोघांचं प्रेम इतकं उजळ दिसतं.